बापाचा बुर्नूस

मी एक बुर्नूस आहे. पांढऱ्या लोकरीचा, टोपीवाला, खांद्यापासून टाचेपर्यंत लोळणारा, बिनबाह्यांचा सैल अंगरखा. आमच्या अल्जेरियातल्या डोंगरात माझ्याशिवाय म्हाताऱ्या माणसाला रुबाब येत नाही, असं माझं मत आहे. थोडी आढ्यता आहे माझ्यात, असू द्या.

तासादितने दोन हिवाळे मागावर बसून मला विणलं. आमच्याकडे मुलगी सासरी निघते ती बापाच्या बुर्नूसखालून, त्याच्या कुशीत शिरून उंबरठा ओलांडते. "आपल्या मुलीसाठी विणतेय, तुझ्यासाठी नाही," असं ती नवऱ्याला, अक्लीला, चिडवायची. मुलगी झालीच नाही. पुढे तासादितही गेली. मी अक्लीच्या खांद्यावर थंडी अडवत राहिलो, पण थंडी काय, घोंगडीही अडवते! मनातून मी खट्टू होतो.

१९९६चा जानेवारी होता. सरकारशी लढणारे बंदूकवाले डोंगरात लपलेले होते. शाळा बंद करा, नाहीतर शिकवणाऱ्यांना मारू, अशी पत्रकं त्यांनी भिंतींवर लावली होती. तरीही नवी मास्तरीण नुआरा रोज बसने शाळेत जायची. त्या दिवशी ती अक्लीच्या शेजारी बसली होती, मांडीवर वह्यांची पिशवी. समोर गावातली वर्दिया आजी.

वळणावर सैनिकी कपड्यातल्या माणसांनी बस अडवली.

"पायात बघा त्यांच्या," वर्दिया आजी पुटपुटली. "खेळाचे बूट. हे कसले सैनिक!"

त्यांनी चालक बेलाईदला खाली ओढलं. गोळीचा आवाज आला. वर्दियाने वह्यांची पिशवी हिसकावली आणि ती झग्याखाली घेऊन तिच्यावर बसली. अक्लीने नुआराला माझ्या आत ओढलं. तिचं काळीज माझ्या लोकरीवर धडधडत होतं.

एक तरुण बंदूकवाला वर चढला. "मास्तरीण कुठंय?" तो आमच्यापाशी थांबला.

"आत कोण, म्हाताऱ्या?"

"माझी मुलगी. सासरी पोचवतोय."

"बसने? वरात कुठंय?"

"वरात कशी काढू, बाबा? बार उडवायच्या बंदुका तुम्हीच उचलून नेल्यात."

त्याने मला उचलून बघायला हात पुढे केला.

"उचल," अक्ली म्हणाला. "पण तुझी बहीण सासरी निघाली, तेव्हा तुझ्या बापाच्या बुर्नूसात कुणी हात घातला होता का, तेवढं सांग आणि मग उचल."

हात थबकला. तेवढ्यात वर्दियाने जीभ नाचवत लग्नातली लांबलचक ललकारी ठोकली. मागोमाग बसमधल्या सगळ्या बायकांनी. तो गुमान खाली उतरला.

त्यांनी आम्हाला उतरवून बस पेटवली आणि ते निघून गेले. एका ठिणगीने माझा काठ जळाला. रस्त्याकडेला बेलाईद पडला होता. अक्लीने मला काढून त्याच्यावर पांघरलं. त्याला माझी ऊब लागली नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

चार वर्षांनी नुआरा अंजिरं घेऊन दारात आली. "बाबा, लग्न ठरलंय. माझे वडील मी लहान असतानाच गेले. मी कुणाच्या बुर्नूसखालून निघू?"

"एकदा पोचवलंय ना तुला? सारखं सारखं काय!" अक्ली खेकसला आणि लगेच मला उन्हात झटकायला घेऊन गेला.

लग्नाच्या दिवशी आम्ही उंबरठा ओलांडला. नवऱ्यामुलाच्या आत्याने थट्टेने विचारलं, "आत कोण, अक्ली?"

बसमध्ये बंदुकीसमोर त्याचा आवाज जराही कापला नव्हता. आज मात्र त्याने माझी टोपी डोळ्यांवर ओढून घेतली.

"त्याची मुलगी, दुसरी कोण!" वर्दिया आजी ओरडली.

अक्ली आता नाही. मी नुआराच्या घरी खुंटीवर मजेत आहे. तिची मुलगी लग्नाची झाली आहे. नुआराचा नवरा बुटका, त्यामुळे जळका काठ कापून मला त्याच्या मापाचा करायचं घरात चाललंय. काठ खुशाल कापा, पण बाजूने मला तसूभरही कमी करू नका. माझ्याखाली दोन माणसं मावली पाहिजेत.