सारखी कापलेली पिसं

आमच्या त्रिनिदादमध्ये, म्हणजे बेटावरच्या नव्हे, मामोरे नदीजवळच्या, सौंदर्यस्पर्धेत एकदा मिस झालेली मुलगी मरेपर्यंत मिसच राहते. लोर्हिया रिबेरा आता अठ्ठावन्न वर्षांची आहे, गुडघ्यावर हात टेकत जिना चढते, तरी पाववाला मोटारसायकल थांबवून खालून ओरडतो, "मिस, गरम कुन्यापे! कालचे नाहीत, शपथ!"

"कालसुद्धा हेच म्हणालास, लबाडा," ती खिडकीतून म्हणते आणि तरी चार घेते.

मी तिची माद्रिना. बाप्तिस्म्याची धर्मआई नव्हे, पोशाखाची. ज्या बाईनं मिसचा स्पर्धेचा पोशाख शिवला ती तिची माद्रिना, असं आमच्याकडे धरतात. ते वर्ष चौऱ्याऐंशी होतं. मी तेहतीस वर्षांची, बाजारामागच्या खोलीत पायाच्या मशीनवर शिवणकाम करायची. लोर्हिया अठराची, बगळ्यासारखी उंच, गुरांच्या मळ्यावरच्या मुकादमाची मुलगी. स्पर्धेच्या समितीनं ठरवलं की आपली मुलगी माचेतेरोंच्या वेशात उभी राहील. माचेतेरो म्हणजे नदीपलीकडच्या गावांतले नाचणारे: पायघोळ पांढरा सदरा, हातात लाकडी सुरा, आणि डोक्यावर मकाव नावाच्या मोठ्या पोपटाच्या शेपटीच्या पिसांचा टोप, उगवत्या सूर्यासारखा गोल.

तो टोप बाजारात मिळत नाही. लोर्हियाच्या बापानं स्वतः मामोरे नदी ओलांडून ताता सेल्सो मुइबांकडे जाऊन त्यांचा टोप मागून आणला. ताता म्हणजे तिकडे वडीलधारा माणूस. ते नाचणाऱ्यांचे म्होरके होते. तीस पिसांचा त्यांचा स्वतःचा टोप त्यांनी केळीच्या पानांत गुंडाळून दिला आणि एवढंच म्हणाले, "जुलैच्या सणाआधी येऊ दे."

लोर्हिया देशात पहिली आली. बाहेरदेशी गेली, तिथे मुकुट नाही मिळाला, पण पोशाखाचं बक्षीस मिळालं. वर्तमानपत्रात तिचा फोटो पाहून माझ्या दुकानापुढे रांग लागली. ती मात्र परतली नाही. दूर, आमच्याच देशातल्या सांताक्रूझ शहरात राहिली, कपडे घडवायला शिकली, पुढे स्वतःचं दुकान काढलं. झोपाळ्यासाठी आमच्या बायका जी जाळीची वीण विणतात ती तिनं नवरीच्या झग्याच्या बाह्यांना लावली आणि श्रीमंतांच्या मुली वर्षभर आधी नाव नोंदवू लागल्या. लग्न केलं, मोडलं. सव्वीस-सत्तावीस वर्षं असं चाललं.

मग आईच्या शेवटच्या आजारात ती इकडे आली. पक्ष्यांचा अभ्यास करणारी एक मुलगी तिला निळ्या गळ्याचा मकाव दाखवायला ताडांच्या राईत घेऊन गेली. सकाळपासून संध्याकाळपर्यंत बसून दोघींना एकच जोडी दिसली. परत आल्यावर लोर्हिया माझ्या स्वयंपाकघरात बसली. मी मासाकोसाठी केळी आणि सुकं मांस कुटत होते. म्हणाली, "माद्रिना, मी लहान असताना त्यांच्या कलकलाटानं आई वैतागायची. आठवतंय?"

"आठवतंय."

"आता मोजायला लागतात."

तिनं दुकान मैत्रिणीला दिलं आणि इथेच राहिली. मळेवाल्यांना हातापाया पडून ताडांभोवतीचं गवत जाळू नका म्हणून सांगायचं, झाडांवर घरट्यांच्या पेट्या बांधायच्या, आणि नाचणाऱ्यांसाठी कापडाची पिसं बनवायची. एका पक्ष्याच्या शेपटीत टोपाला चालतील अशी लांब पिसं दोनच. एक टोप म्हणजे पंधरा पक्षी. हे गणित ती प्रत्येक बैठकीत सांगायची, तेरा वर्षं, त्याच स्वरात. शेवटी शेवटी मलाही तो स्वर ऐकून झोप यायची, आणि तिलाही येत असावी.

कापडी पीस म्हणजे काही गंमत नव्हे. पहिली आम्ही युकाच्या कंदाच्या खळीनं कडक केली, झगे करतो तशी. लोर्हिया ती घेऊन ताता सेल्सोंच्या गावी गेली. सकाळपर्यंत मुंग्यांनी निम्मी खाल्ली होती. पुढच्यांना मेण लावलं. नाचणारा वाकला की टोप जमिनीला टेकतो आणि तो सरळ झाला की पिसं आपसूक उभी राहिली पाहिजेत. मेणाची पडली ती पडलीच. असे प्रयत्न किती झाले ते मी सांगत बसत नाही. मागच्या वर्षी मी प्रत्येक पिसाच्या मधून मोटाकू ताडाच्या झावळीचा हीर शिवून पाहिला, ज्याचे आपण खराटे करतो तो. पीस वाकलं आणि उठलं.

बाकीच्या गावांचं म्हणणं एकच होतं: आधी ताता बाइलोन घालू देत, मग आम्ही. ताता बाइलोन म्हणजे ताता सेल्सोंचा मुलगा, आता तोच म्होरक्या. आणि तो दरवर्षी काही ना काही खोट काढून लोर्हियाला परत पाठवायचा.

"माझ्याच्यानं आता होत नाही, माद्रिना," ती म्हणाली. "यंदा नाही म्हणाले तर मी सोडते. खरंच सोडते. आणि या वेळी तू चल. टोप डोक्यावर बसवायला तुझा हात हवा."

तेरा वर्षं मी तिच्याबरोबर त्या गावी गेले नव्हते. कधी पाठ, कधी गुडघे, कधी गिऱ्हाईक. या वेळी काही सुचलं नाही.

तराफ्यावर गाडी चढवून आम्ही नदी ओलांडली आणि मग तीन तास धूळ खाल्ली. ताता बाइलोन माझ्याच वयाचा निघाला, काटक, एक डोळा पांढरा. अंगणातल्या सावलीत त्याचे दहा-बारा नाचणारे जमले होते. भोपळ्याच्या तुंब्यातून मक्याची आंबवलेली चिचा फिरली. मी टोप त्याच्या डोक्यावर बसवला, मागची नाडी आवळली.

"घट्ट होतोय का, ताता?"

"डोकं माझं आहे, बाई. ते काही वाढायचं नाही आता."

पायांत बियांचे घुंगरू बांधून तो उठला. दोन पावलं पुढे, एक मागे, आणि कमरेतून एवढा वाकला की पिसांची टोकं मातीला लागली. सरळ झाला. तीसच्या तीस पिसं उभी. एकानं शीळ घातली. लोर्हियानं माझं मनगट इतकं दाबलं की बांगडी रुतली.

त्यानं टोप काढून बाकावर ठेवला. "छान आहे."

"मग, ताता?"

"विचार करू."

"मागल्या वर्षीही विचारच चालला होता."

"विचार मोठा आहे, मिस. आणि डोकं एवढंसं." सगळे हसले. लोर्हियाही हसली, पण तिचे खांदे पडलेले मला दिसले. तिनं टोप खोक्यात ठेवला. आम्ही उठलो. ताता गाडीपर्यंत आला, दारावर हात ठेवून उभा राहिला आणि म्हणाला, "मिस, काही राहिलं नाही ना?"

तिनं पिशवी चाचपली. चष्मा, फोन, पाण्याची बाटली. "नाही ताता, सगळं घेतलं."

"मग या," तो म्हणाला आणि वळला.

गाडी सुरू करताना ती म्हणाली, "दरवर्षी दारापर्यंत येऊन हेच विचारतात बघ. आधी नाही म्हणायचं, आणि वर माझ्या चष्म्याची काळजी."

ते शब्द मी आधी ऐकले होते. लहानपणी दोन वर्षं मी त्याच लोकांतल्या एका मावशीकडे वाढले. तिची चाळण शेजारणीनं नेली होती. शेजारीण येऊन जाऊ लागली की मावशी दारात उभी राहून विचारायची, "काही राहिलं नाही ना गं?" ज्यानं वस्तू दिली त्यानं तिचं नाव घेऊन ती मागायची नाही. मागितली की दोघंही हलके होतात. नेणाऱ्यानंच समजायचं.

"गाडी थांबव," मी म्हणाले.

"बरं वाटत नाही का?"

"थांबव. ते चष्म्याचं विचारत नाहीत. टोपाचं विचारतायत. त्यांच्या बापाच्या."

तिनं इंजिन बंद केलं. "तो तर तू तेव्हाच पाठवलास. लाकडाच्या ट्रकवाल्याबरोबर. तूच सांगितलंस."

"सांगितलं."

"आणि?"

"पेटीत आहे. माझ्या. कसर लागू नये म्हणून तंबाखूच्या पानांत घालून ठेवलाय."

तिनं किल्ली उपसून मांडीवर ठेवली. मग एकच शब्द म्हणाली, "का?"

का, ते चाळीस वर्षांत मी कुणाला सांगितलं नव्हतं. समितीला मंचावर पिसांचा पंखा उठून दिसायला हवा होता. मी टोप उसवला, तारेवर चढवला, टिकल्या चिकटवल्या. आणि मग मागे सरून पाहिलं तर पिसं खालीवर दिसली. झग्याचा घेर जसा जमिनीपासून मोजून सारखा करतात, तशी मी कात्री घेतली आणि तीसच्या तीस टोकं एका रेषेत कापली. शिंपिणीची खोड. तेव्हा मला ते काम इतकं सुबक वाटलं होतं. खोकं परत आलं, त्यांना द्यायचं म्हणून उघडलं, आणि तेव्हा कळलं की टोकच गेलं तर ते मकावचं पीस राहत नाही. कुठल्या तोंडानं देणार होते? पुढच्या वर्षी देऊ, नीट करून देऊ, असं करता करता.

"तेरा वर्षं," लोर्हिया म्हणाली. "तेरा वर्षं मी त्यांच्या अंगणात उभी राहून पिसं वाचवा म्हणून भाषण देतेय. आणि ते मला चोर समजून चिचा पाजतायत."

तिनं हात लांब करून माझ्या बाजूचं दार उघडलं.

"उतर," ती म्हणाली. "तूच सांग त्यांना. मी सांगणार नाही."

ताता बाइलोन अजून अंगणातच होता. मी उभ्या उभ्या सांगितलं. त्यानं मध्ये एकदाही तोडलं नाही. शेवटी विचारलं, "किती कापली?"

"चार बोटं."

"सगळी?"

"सगळी."

त्यानं मान हलवली. "त्या सणाला बाप गवताची टोपी घालून नाचला. पोरं हसली. तो काही बोलला नाही. पाऊस सरल्यावर भाऊ आणि मी ताडांच्या राईत गेलो. नवा टोप नको का करायला?" त्यानं लोर्हियाकडे पाहिलं. "तुमचं गणित बरोबर आहे, मिस. पंधरा लागतात."

लोर्हिया पायरीवर बसली. इतक्या वर्षांत कुठल्याही मोसमात तिनं पंधरा भरलेली घरटी पाहिली नव्हती.

"तो आणा," ताता म्हणाला. "कापलेला असला तरी. तो घरी आला की मी तुमचा घालीन. आधी नाही."

चौथ्या दिवशी आम्ही तो घेऊन पुन्हा तराफ्यावर चढलो. लोर्हिया माझ्याशी एक शब्द बोलली नाही. कुन्यापेची पुडी मात्र माझ्या मांडीवर ठेवली होती, कारण मला उपाशी चक्कर येते हे तिला माहीत आहे. तातानं तंबाखूची पानं बाजूला केली. टिकल्या अजून चमकत होत्या. तो अंगठ्यानं कापलेल्या कडा एक एक करून चाचपत गेला. मग मागून एक बोळकी म्हातारी पुढे वाकली, डोळे बारीक करून पाहिलं आणि म्हणाली, "अगं बाई! हिनं मकावची हजामत केली!"

आधी एक हसला, मग दुसरा. ताता हसला नाही. पण टोप उचलून आत घेऊन गेला, बाहेर आला आणि हात पुढे केला. लोर्हियानं कापडी टोप त्या हातात दिला.

सणाच्या दिवशी दुपारी चर्चपुढच्या अंगणात तातांचा एक आणि आम्ही वर्षभरात आशेनं शिवून ठेवलेले अकरा, असे बारा कापडी टोप वाकले आणि उठले. आमच्या जुलैच्या हिवाळ्यातला दक्षिणेचा गार वारा सुटला होता, पिसं फडफडत होती. शेजारच्या गावांचे म्होरके हात मागे बांधून बारकाईनं बघत होते. लोर्हिया पलीकडच्या बाजूला, बायकांच्या घोळक्यात उभी होती. "मिस, एक फोटो!" म्हणून पोरी तिला ओढत होत्या. ती प्रत्येकीबरोबर उभी राहिली. माझ्याकडे आली नाही.

पुढे महिनाभरात पाच गावांनी टोप मागितले. साठ. कापड आलं, हीर आले, मापांचा कागद आला, सगळं टेम्पोवाल्याबरोबर. ती आली नाही. एकटीनं मी किती शिवणार? दिवसाला पाच-सहा पिसं व्हायची, कधी दोनच. पाववाला विचारायचा, "मिसशी भांडलात का, एर्लिंदाबाई?" मी म्हणायचे, "तू पाव मोज."

नोव्हेंबरात एका सकाळी ती दारात उभी होती. चालून आली होती. धापा टाकत खुर्चीत बसली, चपला काढल्या, पाय चोळले. झालेली पिसं उचलून एक वाकवून पाहिलं.

"मला अजून राग आहे," ती म्हणाली.

"असू दे."

"जाईल असं वाटत नाही."

"नको जाऊ दे."

"जूनपर्यंत साठ होतील?"

"हातांनी होतील. डोळ्यांनी नाही होत. एक सुई ओवायला अर्धी सकाळ जाते."

तिनं चष्मा लावला, सुयांची डबी पुढे ओढली. एक सुई ओवली. मग दुसरी. दहा-बारा सुयांत दोरे घालून तिनं त्या माझ्या समोरच्या उशीला एका ओळीत टोचून ठेवल्या, चपला घातल्या आणि निघून गेली. त्या तिसऱ्या दिवशी दुपारपर्यंत पुरल्या. तेवढ्यात ती पुन्हा आली.