मोरवासच्या जोहडाची पाळ

शके १९१७, वैशाख वद्य अमावास्या, सोमवार. इंग्रजी तारीख २९ मे १९९५. मौजे मोरवास, तहसील व जिल्हा गुडगाव, येथील जोहडाची, म्हणजे गावतलावाची, सकाळी साडेनऊ वाजता समक्ष पाहणी होईल आणि तो कोणाच्या मालकीचा याचा निर्णय जागेवरच सांगितला जाईल, अशी नोटीस महसूल कचेरीतून निघाली होती. गावाच्या बाजूने उभी राहणारी वकील होती वृंदा. वय सव्वीस, आणि स्वतःच्या नावावर लढवायचा हा तिचा पहिलाच दावा.

दिल्लीच्या लक्ष्मीबाई नगरातल्या सरकारी क्वार्टरमध्ये त्या दिवशी पहाटेपासून वादाला तोंड फुटले होते.

"अमावास्येला कुणी शुभकार्याला घराबाहेर पडतं का?" तिच्या आईने, हेमलताबाईंनी, डबा भरता भरता विचारले.

"शुभकार्य कसलं? तंटा आहे," तिचे वडील श्रीपादराव म्हणाले. ते केंद्राच्या एका मंत्रालयातून सेक्शन ऑफिसर म्हणून नुकतेच निवृत्त झाले होते आणि कोणतेही विधान खोडून काढल्याशिवाय त्यांना चहा गोड लागत नसे. "तंट्याला अमावास्या वर्ज्य असल्याचा आधार दाखव. शिवाय आपला हा वैशाख. उत्तरेकडच्या लोकांच्या गणनेने हाच महिना जेठ. अमावास्या तेवढी दोघांची एक. आता अशुभ म्हणायचं ते वैशाखाला, की—"

"बाबा, यार, चलो ना! डिबेट स्कूटरवर करू," वृंदा म्हणाली आणि कागदांची पिशवी खांद्याला अडकवून जिना उतरू लागली.

मेहरौली मागे पडली तशी हवा तापू लागली. ज्या शेतांत दोन वर्षांपूर्वी मोहरी डोलत होती तेथे आता चुन्याच्या रेघा मारलेल्या होत्या, आणि प्रत्येक वळणावर हिरवळ, कारंजे व हसरे कुटुंब रंगवलेला एखादा फलक उभा होता. मोरवासची बहुतेक शेते अशीच गेली होती. ज्याची त्याने विकली, त्यात तंटा नव्हता. तंटा उरला होता तो साडेचार एकरांच्या जोहडाचा. या मुलखात जमिनीखालचे पाणी खारे. जोहडाच्या काठच्या तीन विहिरींना तेवढे गोडे पाणी लागे, कारण तलावात साठलेला पाऊस जिरून त्यांना मिळे. पाव कोसावरच्या चौथ्या विहिरीचे पाणी म्हैससुद्धा तोंडाला लावत नसे. जोहड बुजला की तिन्ही विहिरी खारवणार, हे सांगायला कोणी तज्ज्ञ लागत नव्हता.

आणि जोहड बुजवायची तयारी झालेली होती. गावातले एक वजनदार गृहस्थ, चौधरी उमराव सिंह, यांनी तो एका वसाहत बांधणाऱ्या कंपनीला विकण्याचा करार केला होता. त्यांचे म्हणणे सरळ होते: गावाचा मूळपुरुष उदा; त्याने एकट्याने तलाव खोदला; शंभर वर्षांपूर्वीच्या दप्तरात तलावासमोर नाव आहे ते उदाच्याच थोरल्या शाखेचे; गावाने पाणी वापरले ती उदाच्या घराची मेहेरबानी. निकाल त्यांच्या बाजूने लागला तर संध्याकाळपर्यंत भराव सुरू व्हायचा होता. पिवळे यंत्र पाळीलगत, तलावाच्या मातीच्या बांधालगत, येऊन उभे होते आणि त्याचा चालक यंत्राच्याच सावलीत घोरत पडला होता.

वृंदाने तयारीत कसूर केली नव्हती. सलग तीन रविवार ती चौपालीवर, म्हणजे गावच्या चावडीवर, हुक्का ओढणाऱ्या म्हाताऱ्यांसमोर वही उघडून बसली होती. त्यांनीही हात आखडता घेतला नाही. उदापासून सात पिढ्या, बासष्ट पुरुष, कोणाचा कोण भाऊ, कोण कोणाला दत्तक, सारे न अडखळता सांगितले. श्रीपादरावांनी ती वंशावळ मोत्यासारख्या अक्षरात मोठ्या कागदावर उतरवली, जोडरेषा पट्टीने आखल्या, आणि "याला म्हणतात पुरावा" असा शेराही दिला. तलाव कोणी खोदला, या प्रश्नाला मात्र म्हातारे एकच उत्तर देत: "बडों ने खोदा होगा, बेटी." पुरुषांना त्यापलीकडे काही माहीत नव्हते आणि आणखी कोणाला विचारावे असे वृंदाच्या मनातही आले नव्हते.

साडेनऊच्या ठोक्याला महसूल अधिकारी विजयालक्ष्मी जीपमधून उतरल्या. मूळच्या मदुराईच्या, हरियाणात नेमणूक होऊन तीन वर्षे झालेल्या. हिंदी बोलत ती पुस्तकातली, पण एकही शब्द वाया न घालवता. त्यांच्यासाठी कडुनिंबाखाली टेबल मांडले होते. शेजारी पटवारी, म्हणजे तिकडचा तलाठी, गावाचा कापडी नकाशा गुडघ्यावर पसरून बसला होता.

वृंदाने वंशावळ टेबलावर उलगडली. तीस घरे या जोहडावर हक्क सांगत आहेत आणि ती सारी एकाच मुळाची आहेत, हे तिने रेषेवर बोट ठेवत सांगितले.

उमराव सिंहांचे व कंपनीचे वकील खुराना कागदावर वाकले. मग त्यांनी हात जोडले.

"मॅडमचे उपकार मानतो," ते म्हणाले. "हेच सिद्ध करायला मला आठ दिवस लागले असते. मूळपुरुष उदा. त्याची थोरली शाखा ही. त्या शाखेचा आजचा कर्ता पुरुष उमराव सिंह. हे मी नाही, गावाचाच कागद म्हणतो आहे."

माणसांत हशा पिकला. उमराव सिंहांनी मिशीवरून हात फिरवला.  बाबांनी पट्टीने आखलेल्या रेषेने आपलाच गळा आवळला आहे, हे वृंदाला त्या क्षणी लख्ख दिसले.

"रेषा चुकलेली नाही," श्रीपादराव मागून पुटपुटले.

"बाबा, तेच तर रडणं आहे!"

विजयालक्ष्मी पटवाऱ्याकडून दप्तर घेऊन वाचू लागल्या. पानभर वाचायला पाच मिनिटे लागणार होती. तेवढीच वृंदाच्या हाती होती. तिने सैरभैर होऊन भोवती पाहिले आणि तिची नजर पाळीच्या पूर्व टोकाला गेली. तेथे बायका उभ्या होत्या. एक-दोन नव्हे, तीसएक. सगळ्यांची तोंडे घूंघटाआड, आणि प्रत्येकीच्या कमरेवर रिकामे घमेले. दोन पोरगेले पुरुष आडव्या काठ्या धरून त्यांना अडवत होते: "आज नाही, साहेब आलेत, आज परत जा."

वृंदा तिकडे धावली. सर्वांत पुढे भरतेरी होती. पंचाहत्तरीची, वाकलेली, पण घमेले घट्ट धरलेली. चौपालीवर जाता-येता तिने वृंदाला दोनदा ताक पाजले होते.

"दादी, तुम्ही कशाला आलात?"

"माती काढायला," घूंघटातून कुजबुज आली. "जेठाची अमावस नाही का? पाणी तळाला गेलंय. आज प्रत्येक घरची सून पाच घमेली गाळ काढते. मी लग्न होऊन आले तेव्हापासून काढते. माझ्या सासूनं काढला, तिच्या सासूनं काढला."

"आणि टाकता कुठे?"

"कुठे म्हणजे? आपल्या जागी. पाळीवर ज्या घरची जी जागा, तिथे."

वृंदाने पाळीकडे पाहिले. आजवर तिला तो एक सलग उंचवटा वाटत होता. आता दिसले की तो एकसारखा नाहीच. चार चार हातांवर त्याला बारीक खाचा होत्या, जणू माणसे खांद्याला खांदा लावून बसली आहेत.

"दादी, हे साहेबांना सांगा. आत्ता. चला!"

भरतेरी जागची हलली नाही. "उमराव उभाय तिथे."

"मग काय झालं? तो तुमच्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान आहे!"

"वयानं. नात्यानं माझा चुलतसासरा लागतो. मी सासऱ्यासमोर तोंड उघडू?"

उमराव सिंहांना हे पुरते ठाऊक होते. ते टेबलाशी पाय रोवून उभे होते ते उगीच नव्हे. ते तेथे असेपर्यंत गावातल्या एकाही सुनेचा आवाज निघणार नव्हता.

"मी साहेबांना सांगून त्यांना बाजूला पाठवते," वृंदा म्हणाली.

"आणि उद्या गाव म्हणेल की भरतेरीनं वडीलधाऱ्याला पाळीवरून हाकललं. नको."

"बरं, मला एवढं तरी सांगा, कुठली जागा कुणाची हे नव्या सुनेला कळतं कसं? लिहून ठेवलंय कुठे?"

"लिहायचं काय त्यात? गाण्यात आहे. या टोकापासून त्या टोकापर्यंत एकेक घर हाक मारून बोलावतो, ज्या घराचं नाव येईल ती माती टाकते."

"गाण्यात!" वृंदा जवळजवळ ओरडली. "दादी, सासऱ्यासमोर गाता येतं?"

घूंघट थरथरला, भरतेरी हसत होती. "गाणं कुणासमोरही गातो. लग्नात तर सासऱ्याला शिव्यासुद्धा गाऊनच घालतो."

वृंदा पळतच टेबलापाशी आली. धापा टाकत तिने अर्ज केला: या बायकांना त्यांचे नेहमीचे काम करू द्यावे, आणि कोण कोठे माती टाकते ते पटवाऱ्याने नकाशावर टिपून घ्यावे. आणखी काही मागणे नाही.

"ही न्यायाची जागा आहे की मेळा?" खुराना उसळले. "साक्ष द्यायची तर शपथेवर द्यावी. गाण्याला शपथ कोणती?"

"साक्ष कुणी देतच नाहीये," वृंदा म्हणाली. "तुमच्या अशिलाच्या म्हणण्याप्रमाणे बायका त्यांच्या मेहेरबानीने तलावावर येतात. मग आजही येऊ द्या. की आज मेहेरबानी संपली?"

विजयालक्ष्मींनी दप्तर मिटले. "काठ्या बाजूला करा," त्या म्हणाल्या.

बायका सुकलेल्या काठावरून तळात उतरल्या. काळाभोर, वासाचा गाळ घमेल्यांत पडू लागला. भरतेरीने सूर लावला आणि म्हातारीच्या गळ्यातून असा काही खणखणीत आवाज निघाला की यंत्राचा चालक दचकून उठून बसला. गाणे सोपे होते. धनसिंगाच्या घरची, ये, माती टाक. तुझ्या घरची चूल पेटती राहो. हुकमाच्या घरची, ये, माती टाक. हाक आली की एक घूंघट पुढे होई, पाळ चढे आणि आपल्या चार हातांत घमेले रिते करी. कोणी चुकत नव्हती, कोणी शोधत नव्हती. पटवारी नकाशा सावरत मागे धावत होता. श्रीपादरावांनी न विचारता त्याची दौत धरली होती आणि "आकडा हिंदीत नको, उर्दूतच घाला, दप्तर उर्दूत आहे" असा वादही घालून घेतला होता. विजयालक्ष्मी स्वतः पाळीवरून चालत होत्या, साडीच्या काठाला चिखल लागलेला त्यांच्या ध्यानातही नव्हता.

अकराव्या हाकेला कोणीच पुढे आले नाही. बायका तेवढ्यापुरत्या थांबल्या आणि गाणे पुढे गेले. पाळीला तेथे हातभर खोल खळगा होता.

"हे काय?" विजयालक्ष्मींनी विचारले.

वृंदाने भरतेरीच्या तोंडाशी कान नेला आणि ऐकलेले मोठ्याने सांगितले. "हरफूलचं घर. तिन्ही मुलगे पहिल्या महायुद्धात पलटणीबरोबर गेले, परतले नाहीत. घर संपलं. पण हाक मारतात. त्या जागी दुसरं कुणी माती टाकत नाही."

पुरुषांपैकी कोणीतरी टोपी काढली. हरफूलचे नाव बासष्ट पुरुषांच्या वंशावळीत कोठेच नव्हते.

गाणे एकोणिसाव्या घराशी आले. उदाच्या घरची, ये, माती टाक. थोरल्या शाखेचे घर अजून मूळपुरुषाच्याच नावाने ओळखले जाई.

उमराव सिंह मोठ्याने खाकरले. या मुलखात वडील माणूस खाकरला की सुना जागच्या जागी थबकतात. त्यांची बायको अंगूरी भरले घमेले घेऊन पाळीच्या पायथ्याशी थबकली. भरतेरीने तीच ओळ पुन्हा गायली. उमराव सिंह पुन्हा खाकरले. तिसऱ्यांदा ओळ आली तेव्हा बाकीचे सारे गळे तिच्यात मिसळले होते. वृंदाला कळत होते की हे घमेले रिते झाले तर सारे साधेल, आणि न झाले तर खुराना म्हणतील, उदाचे घर या रांगेतले नव्हेच.

अंगूरीने एकदा नवऱ्याकडे पाहिले, एकदा हरफूलच्या खळग्याकडे. मग ती पाळ चढली आणि अठराव्या व विसाव्या घरांच्या मधल्या चार हातांत तिने गाळ ओतला.

"अंगूरी!" उमराव सिंह ओरडले.

उत्तर गाण्यातून आले, त्याच चालीवर, बारीक पण स्पष्ट आवाजात: चाळीस वर्षं टाकली, आज नाही टाकली तर माझ्या घराचा खळगा होईल. बायकांत हास्याची आणि शाबासकीची अशी लाट उसळली की घूंघट उडाले.

"ही सवय झाली, हक्क नव्हे!" खुराना म्हणाले.

"सवय कोणाची काय आहे, तेच पाहायला मी आले आहे," विजयालक्ष्मी म्हणाल्या आणि उमराव सिंहांकडे वळल्या. "चौधरीजी, उदाने एकट्याने तलाव खोदला असेल तर सगळी पाळ त्याच्याच मातीची हवी. आपल्या आई माती कोठे टाकत?"

उमराव सिंहांनी पाळीकडे पाहिले. समोर तीस बायका उभ्या होत्या. त्यांतल्या निम्म्यांनी त्यांच्या आईला पाहिले होते.  शेवटी काठी उचलून त्यांनी दाखवली ती अंगूरीच्याच पायांखालची जागा.

"आणि आजी?"

काठी तेथेच राहिली.

उरलेल्या हाका पुऱ्या झाल्या. पटवाऱ्याने बेरीज सांगितली: एकतीस जागा, तीस नांदत्या, एक रिकामी, लांबी सर्वांची सारखी. विजयालक्ष्मींनी उभ्या उभ्याच फाइलवर चार ओळी लिहिल्या, सही केली आणि सर्वांना ऐकू जाईल असे वाचून दाखवले:

"जोहड सगळ्या गावाने खोदला आणि राखला. दप्तरातले एकट्याचे नाव चुकीचे आहे. उमराव सिंहांच्या घराचा यात इतरांइतकाच हक्क आहे, आणि तो विकता येणार नाही."