उष्टीबाई

कंपनीत तिला पाठीमागे सगळे ‘उष्टीबाई’ म्हणत. तोंडावर अर्थात मॅडम. पेयविभागाची प्रमुख, हाताखाली दोन कारखाने, बसायला काचेची केबिन, आणि नाव काय, तर उष्टीबाई! पण नाव ठेवणाऱ्यांचंही फार चुकत नव्हतं. एवढी मोठी बाई, पण लग्नाला जावो नाहीतर सिनेमाला, आधी कचऱ्याचा डबा गाठायची. कुठली बाटली अर्धी टाकलीय, कुठली शेवटच्या थेंबापर्यंत संपवलीय, ते वाकून वाकून बघायची. नवरा बिचारा चार पावलं लांब उभा राहायचा, ह्या बाईचा आणि आपला काही संबंध नाही असा चेहरा करून.

ही खोड आईची. आईने उभा जन्म खानावळ चालवली, पण जेवून उठलेल्या माणसाला ‘जेवण कसं होतं?’ असं चुकूनही विचारलं नाही. माणूस भिडेखातर छान म्हणतो, ताटाला भीड नसते, असं तिचं म्हणणं. ती मोरीपाशी उभी राहायची आणि परत आलेलं एकेक ताट नजरेखालून घालायची. तिने बघितल्याशिवाय ताटाला पाणी लावायची कुणाची टाप नव्हती. दुसऱ्या दिवशी भाजीत मीठ कमी व्हायचं, नाहीतर तिखट वाढायचं. मुलगी शाळेतून आली की दप्तर फेकून तिथेच आईच्या पदराशी उभी. पुढे ती अन्नतंत्र शिकली, चांगल्या गुणांनी पास झाली, पण खरं शिक्षण त्या मोरीवरच झालं होतं.

कंपनीत लागली ती विक्रीत. खांद्याला बर्फाची पेटी अडकवून दुकानोदुकानी फिरायचं आणि दुकानदारांच्या हातापाया पडायचं, असली नोकरी. एकदा खेळाच्या मैदानाबाहेरच्या डब्यात तिला कंपनीच्या संत्र्याच्या बाटल्या दिसल्या. सगळ्यांच्या तळाशी थोडं थोडं उरलेलं. तिने जाऊन वरिष्ठांना सांगितलं की चवीत खोट नाही, बाटलीच मोठी आहे, मुलांना एवढं पिववत नाही आणि उरलेलं गरम झालं की ती फेकून देतात. वरिष्ठांनी आधी तिला वेड्यात काढलं. मग सहा महिने डोकं खाजवून छोटी बाटली काढली, आणि ती अशी काही खपली की हिला दुकानांतून उचलून थेट मुख्य कचेरीत आणून बसवलं. तिथून ती चढत गेली ते स्वतःच्या बळावर. कुणाचा वशिला नाही की कुणाच्या पुढेपुढे करणं नाही.

आता घोडं अडलं होतं शेवटच्या पायरीवर. मोठे साहेब निवृत्त होणार होते. खुर्ची एक आणि दावेदार दोन, एक ही आणि दुसरे मार्केटिंगचे साहेब. त्यांना सगळे ‘चकचकीत’ म्हणत, कारण बूट, केस आणि बोलणं, तिन्हींना सारखंच पॉलिश. माणूस वाईट नव्हता हो, पण एकदा बोलायला लागला की समोरचा स्वतःचं मत विसरून मान डोलवायचा. नव्या कारखान्यात नवं मशीन आलं होतं आणि उन्हाळ्यात त्यावर एकच नवं पेय निघू शकणार होतं. चकचकीत साहेबांनी गुलाबी रंगाचं, फळांच्या वासाचं गोड पेय बनवून घेतलं होतं. हिचं होतं आलं-लिंबाचं, फिकट पिवळं, बेताच्या गोडीचं. ज्याचं पेय मशीनवर चढेल, खुर्ची त्याची, असं मोठ्या साहेबांनी सांगून टाकलं.

झालं. चवीच्या खोलीत चाचणी ठरली. ही खोली म्हणजे पांढऱ्या भिंती, छोटे कागदी कप आणि चव घ्यायला बोलावलेल्या प्रत्येकाच्या हाताशी एक बटण. एक घोट घ्यायचा, तोंडात घोळवून थुंकायचा आणि आवडलेल्याचं बटण दाबायचं. गुलाबीने पिवळ्याचा पार धुव्वा उडवला. आलं-लिंबाला कुणी उग्र म्हणालं, कुणी खोकल्याचं औषध. जेवणाच्या सुट्टीआधीच चकचकीत साहेबांच्या खोलीसमोर अभिनंदन करणाऱ्यांची रांग लागली, आणि त्यात हिच्याच विभागातली दोन माणसं होती.

संध्याकाळी ती गुलाबी बाटली घेऊन घरी गेली. आई आता हिच्याकडेच राहत होती. कंपनीची एकही बाटली आईने आजवर संपवलेली नव्हती. सगळ्यांना एकच शेरा, साखरेचं पाणी. त्यामुळे आलं-लिंबाची बाटली तिच्यापुढे ठेवायचं धाडस मुलीला झालं नव्हतं, आणि हरलेल्या दिवशी तर नाहीच नाही. आईने गुलाबीचा एक घोट घेतला, जीभ फिरवली आणि म्हणाली, छान आहे हो. म्हणजे आईलासुद्धा आवडलं! मग मुलीने ग्लासाकडे बघितलं. तो टेबलावर होता, जवळजवळ भरलेला.

“छान म्हणालीस, मग ठेवलास का?”

“अगं, घोटभर छान आहे,” आई म्हणाली. “ग्लासभर कोण पिणार?”

दुसऱ्या दिवशी ती मोठ्या साहेबांपुढे उभी राहिली. विक्रेत्यांचा मेळावा तोंडावर आला होता. तिथे प्रत्येकापुढे दोन्ही पेयांचे भरलेले ग्लास ठेवा, कुणाला काही विचारू नका आणि शेवटी फक्त टेबलं बघा, एवढीच तिची मागणी. हरलात तर काय, असं साहेबांनी विचारलं. खुर्ची त्यांची, मी त्यांच्या हाताखाली मुकाट काम करीन, असं ती सांगून बसली.

मेळाव्याच्या दिवशी हॉटेलचा हॉल गच्च भरला, पुढच्या टेबलांवर कंपनीचे संचालक. चकचकीत साहेबांचं भाषण नेहमीसारखं झकास झालं आणि नेहमीसारखं लांबलं. लोक ऐकत होते, पीत होते, रुमालाने वारा घेत होते. मग फोटोसाठी सगळे बाहेर अंगणात गेले. परत येऊन बघतात तर काय, टेबलं लख्ख! ग्लास नाहीत, डाग नाहीत, वर धुतलेले टेबलक्लॉथ. हॉटेलचा मॅनेजर हसत पुढे आला आणि किती झटपट आवरलं ते कौतुकाने सांगायला लागला.

सगळं ठरवलं होतं तिने, ग्लासांचा आकार, बर्फ, कोण कुठे बसणार ते. फक्त मी बघितल्याशिवाय उचलू नका, हे सांगायचं राहिलं होतं. आईच्या खानावळीतला पहिला नियम, आणि मोरीवर वाढलेली मुलगी तोच विसरली. चकचकीत साहेब खांदे उडवत म्हणाले की आता चवीच्या खोलीचाच निकाल धरायचा, दुसरं काय?

मोरी! ती वळली आणि स्वयंपाकघराच्या दाराकडे जवळजवळ पळतच सुटली. मागून मोठे साहेब, त्यांच्यामागे चकचकीत, आणि त्यांच्यामागे सुटाबुटातले सगळे संचालक ओल्या फरशीवर तोल सांभाळत. मागच्या बाजूला भांडी घासणारा ग्लासातलं उरलंसुरलं एका मोठ्या बादलीत ओतून ग्लास पाण्यात टाकत होता. सगळ्यांनी बादलीत डोकावून बघितलं. बादली काठोकाठ भरली होती आणि आतलं पाणी गुलाबी होतं.

पिवळंही त्यातच मिसळलं असेल, चकचकीत साहेब पुटपुटले. तिने भिंतीकडे बोट केलं. तिथे अजून न रिकामे केलेले ट्रे एकावर एक रचलेले होते. मोठ्या साहेबांनी चष्मा चढवला आणि स्वतः वाकून एकेक ट्रे बघितला. गुलाबी ग्लास कुठे अर्धे, कुठे पाऊण. आलं-लिंबाच्या ग्लासांत तळाला आल्याचे चार कण आणि वितळलेला बर्फ.

“हातच्या कांकणाला आरसा कशाला?” साहेब म्हणाले.

चकचकीत साहेबांनी पुन्हा बादलीत डोकावलं. मग एकदम हसले.

“ह्यात माझाही ग्लास आहे,” ते म्हणाले. “दोन घोटांच्या पुढे मलाही गेलं नाही.”

इतक्या वर्षांत पहिल्यांदा तिला हा माणूस आवडला. मोठ्या साहेबांनी तिथेच, साबणाच्या वासात उभं राहून, हात पुढे केला आणि खुर्ची तुमची म्हणाले. तिला नाचावंसं वाटत होतं. अंग आनंदाने नुसतं फुलून आलं होतं आणि डोळ्यांना धारा लागल्या होत्या. भांडी घासणाऱ्याने सगळ्यांना जरा बाजूला व्हायला सांगितलं, ग्लास धुवायचे खोळंबले होते.

घरी पोचली तेव्हा नवऱ्याने फोनवरून कळल्याबरोबर सगळ्या नातेवाइकांना सांगून टाकलं होतं. आई खिडकीपाशी बसली होती. बरं झालं, एवढंच ती म्हणाली. मुलीने पिशवीतून आलं-लिंबाची बाटली काढली, ग्लास भरला आणि आईपुढे ठेवला. संचालकांपुढे झाली नव्हती एवढी धडधड आता होत होती.

आईने घोट घेतला आणि तोंड वाकडं केलं. आलं कमी पडलंय म्हणाली. दुसरा घोट घेतला, लिंबूही आणखी चाललं असतं म्हणाली. मग शेजारणीच्या सुनेच्या तक्रारी सुरू झाल्या, त्यातून दूधवाला निघाला, दूधवाल्यातून गुडघे. मुलगी हूं हूं करत होती, पण आईच्या तोंडाकडे तिचं लक्षच नव्हतं. ती ग्लासाकडे बघत होती.

आईने रिकामा ग्लास तिच्यासमोर सरकवला.

“बघतेस काय? ओत.”