आडमुठ्याचा बांध

उदगीरहून देगलूरकडे निघालं की डाव्या हाताला एक काळी डोंगररांग दिसते. तिला आमच्याकडे आडमुठ्या म्हणतात. मोजणीवाल्यांच्या यंत्रात ती येत नाही आणि मोबाइलवर फोटो काढला तर नुसतं आभाळ येतं. पण तिच्याकडे तोंड करून शिवी दिली, की वर आणखी एक जोडून परत येते, हे मी लहानपणी स्वतः करून पाहिलंय. असल्या डोंगराला लागून आमचं शेत. इतका खुनशी शेजारी मी दुसरा बघितला नाही, आणि माझ्या सासरी लातूरला शेजारी काही साधुसंत नाहीत.

आमच्या भागात बांध कोरायची खोड सगळ्यांनाच. नांगरताना फाळ जरा पलीकडे घालायचा, दरसाल बोटभर जमीन आपल्याकडे ओढायची आणि शेजाऱ्याने विचारलं की ढगांकडे बघायचं. यावरून माणसं कोर्टात जातात, एकमेकांची डोकी फोडतात. आडमुठ्या कोर्टात जात नाही.

वडील, आमचे अप्पा, गेल्यापासून शेत माझा थोरला भाऊ संगप्पा बघतो. उन्हाळ्यात या शहाण्याने ट्रॅक्टर लावून डोंगराचा बांध चांगला हातभर कोरला. "नकाशात न्हाई त्याची कसली आलीय हद्द?" असं गावभर सांगत फिरला. दसऱ्यानंतर डोंगर सरकायला लागला. रोज सकाळी त्याचे दगड थोडे पुढे आलेले असायचे. बांध गाडला गेला, तुरीच्या ओळी गेल्या. उरलेल्या तुरीच्या शेंगा फोडल्या तर आत खडी. आणि मार्गशीर्षातल्या वेळ अमावस्येला मी लातूरहून आले, तेव्हा दगड अप्पांच्या समाधीला टेकले होते.

आम्ही लिंगायत. आमच्यात गेलेल्या माणसाला जाळत नाहीत, शेतातच, आपल्या मातीत बसवून पुरतात. अप्पा जाताना बोलले होते, "मला डोंगराच्या अंगाला बसवा. म्या असेस्तोवर त्यो पुढं येनार न्हाई." त्यांच्या शेजारी आईसाठी, आमच्या अव्वासाठी, जागा राखून ठेवली होती. ती मोकळी जागा अव्वा दर सणाला सारवायची आणि मग तिथेच पाय पसरून बसायची. तिला दुसरं काही नको होतं. माझा जीव तुटत होता तो त्या दोन हात जागेसाठी.

वेळ अमावस्येला आम्ही शेतात जेवतो आणि डोक्यावर घोंगडी, हातात आंबिलीचं मडकं घेऊन कडेकडेने शिंपडत शेताला फेरी घालतो. आंबील पडेल तिथे आपली हद्द. माणसं ही हद्द दुसऱ्या दिवशी विसरतात. आडमुठ्या वर्षभर मानतो, पण ती खरी असेल तरच; खोटीचा हिशेब तो मनात ठेवतो, कितीही वर्षं.

शेताच्या मधोमध बाभळीचा एक जुना खुंट आहे. त्याच्याजवळ कडब्याची खोप केली होती. भज्जी, बाजरीचे उंडे वाढून झाले, पण ताटाला कुणी हात लावला नाही.

"आंबील पार दगडांच्या पल्याड टाकतो," संगप्पा म्हणाला. "मागं हटला तर त्यो डोक्यावर बसंल."

"अण्णा, तू कोरायच्या आधी बांध व्हता तिथंच टाक," मी म्हणाले. "चूक कबूल कर. न्हाईतर अप्पाला गिळंल त्यो."

"तू लातूरला जाऊन शहाणपना शिकव."

"तुझ्यापायी अव्वाची जागा चाललीय, मुडद्या!"

त्याने घोंगडी डोक्यावर घेतली, मडकं उचललं आणि सरळ दगडांवर चढला. पहिला थेंब पडायच्या आत दगडांनी त्याचा पाय धरला. तो ओरडला. घोट्यापर्यंतचं कातडं काळं, खरबरीत होत चाललं होतं. मला एकदम आमचा सर्ज्या बैल आठवला. तोही असाच खुरांपासून दगड होत गेला होता. डोंगर पापी आहे म्हणून तेव्हा अप्पा धाय मोकलून रडले होते.

मी धावले, पण अव्वा माझ्या आधी पोचली. तिने त्याच्या हातातून मडकं काढून घेतलं, डोक्यावरची घोंगडी ओढली, स्वतःच्या डोक्यावर घेतली आणि डोंगराकडे पाठ फिरवली. ती खुंटाकडे निघाली.

"अव्वा, बांध तिकडं हाय!" मी म्हणाले.

"त्यो तुझ्या बापाचा बांध." ती खुंटापाशी थांबली. "मंजू, तुझी झोळी ह्या बाभळीला टांगत व्हते म्या. ही बाभूळ बांधावर व्हती. मग शेताच्या मधी कशी आली?"

त्या खुंटाला वळसा घालून नांगर फिरताना मी जन्मभर पाहिला होता. कधी प्रश्न पडला नाही.

"तुझा बाप बोटभर न्हाई, दरसाल काठीभर कोरत गेला. म्या बोलले की हात उगारायचा. बैल काय उगंच दगड झाला?"

"अव्वा, अप्पा तिकडं हायेत!" संगप्पा दगडांतून किंचाळला. "तुझी जागा तिकडं हाय!"

"हाव. चोरीच्या रानात बसलाय त्यो. आन् मलाबी तिथंच बसवायला निघाला व्हता."

आंबील सरळ पडत गेली. खुंटापासून पार शेताच्या कडेच्या विहिरीपर्यंत. ती हद्द पुरी झाली आणि डोंगराने संगप्पाचा पाय सोडला. तो लंगडत, रांगत अलीकडे आला. मग दगड आले. अप्पांच्या समाधीवरून, सारवलेल्या जागेवरून, अर्ध्या शेतातल्या उभ्या ज्वारीवरून गडगडत आले आणि ओल्या मातीपाशी थांबले. एक खडासुद्धा पुढे आला नाही.

मला रडू आलं नाही, राग आला. डोंगराचा नाही, अप्पांचा. त्यांची बाजू घेऊन मी दर वर्षी त्या दगडांना शिव्या घातल्या होत्या, आणि आडमुठ्या त्या परत करत होता ते बरोबरच होतं.

संगप्पा पाय धरून बसला होता. "आता तुला कुठं ठेवू, अव्वा?" तो पोरासारखा हुंदके देत म्हणाला.

अव्वाने मडकं पालथं केलं. खुंटाच्या अलीकडे, आमच्या अंगाला, तिने हाताने ढेकळं बाजूला सारली आणि तिथे बसून बघितलं.

"हितं बसवा," ती म्हणाली. "आन् तोंड घराकडं करा."