पानाबाईच्या घरासमोरचा गंज

मी कस्तुराबाईंचा पितळी गंज बोलतोय. हसू नका. लोखंडाला चढतो तो गंज वेगळा, त्याचा आमच्या खानदानाशी काही संबंध नाही. आमच्या वाशीमकडे आमटी-दुधाच्या उभट भांड्याला गंज म्हणतात. मी किन्हीराजा गावचा, चांगला जाड बुडाचा.

आमच्या मुलखात भांड्यांवर नुसतं नाव घालत नाहीत, खूण घालतात. खूण म्हणजे छिन्नीनं ठिपका ठिपका ठोकलेला मंत्रच. इंझोरीत एका विळ्यावर अशी खूण आहे, की बोट मध्ये आलं तर विळा जागीच थांबतो. मानोऱ्यातलं एक कुलूप अनोळखी माणूस दिसला की खोकतं. आमच्या गल्लीतल्या धनसिंगच्या खाटेवर पहाटे उठवायची खूण आहे. ती त्याला सरळ खाली ओतते, म्हणून आताशा तो सतरंजीवरच झोपतो.

माझ्यावर आहे परतीची खूण. लोक भांडी नेतात आणि विसरतात, याचा कस्तुराबाईंना भारी संताप. म्हणून त्यांनी खुणा घालणाऱ्या इंद्रभानला अंगणात बसवलं. ही खूण असलेलं भांडं कुठंही असो, दिवेलागणीला आपल्या घरी चालत येतं. घर कोणतं, ते मालकिणीनं शेवटचा ठिपका ठोकताना सांगायचं.

"बोला बाई, कोनाच्या घरी? धन्याचं नाव घ्या," इंद्रभाननं हातोडी उचलली.

आता आली का पंचाईत! कस्तुराबाईंनी लग्नापासून नवऱ्याचं नाव तोंडातून काढलेलं नाही. नवरोबा रामराव बाजेवर कान टवकारून बसलेले. बाई लाजल्या, पदर चावला, आणि पाहुण्यारावळ्यांना सांगतात तोच पत्ता सांगून मोकळ्या झाल्या.

"पानाबाईच्या घरासमोर!"

ठक्क. झालं माझं वाटोळं!

पानाबाई म्हणजे समोरच्या दुलीचंद शेठजींच्या घरच्या. त्या दिवसापासून दिवे लागले की मी फडताळातून उतरतो, खणखणत रस्ता ओलांडतो आणि पानाबाईंच्या उंबऱ्याशी जाऊन उभा राहतो. स्वतःचं घर समोर दिसत असताना! कुत्री भुंकतात. सायकलवाले शिव्या देतात. पितळेची काही इज्जत असते की नाही?

पण खरं सांगू? त्यातून गंमतच झाली. दुसऱ्याचं भांडं रिकामं परत करायचं नाही, ही आपली रीत. सकाळी पानाबाई मला परत आणायच्या, आत कधी खाकरे, कधी मूगवड्या. मग कस्तुराबाईंना लाज वाटली, की आपला गंज मैत्रिणीकडे रोज रिकामा जातो. त्याही मला भरून पाठवू लागल्या, बोरं, तुरीच्या शेंगा, ओला हरभरा. सकाळी मला द्यायला आलेल्या पानाबाई तासभर ओट्यावर बसायच्या. दोघी अख्ख्या गावाची उणीदुणी काढायच्या आणि मी मध्ये बसून ऐकायचो. माझ्या आयुष्यातले ते फार सुखाचे दिवस होते.

मग आलं पर्युषण. पानाबाईंचे उपवास चालू होते. त्यातच एका संध्याकाळी कस्तुराबाईंकडे त्यांच्या मुलाचे, विकासचे सासरे टपकले. धांदलीत बाईंनी माझ्यातच कांदा-लसणाची झणझणीत आमटी केली आणि दिवेलागण विसरल्या. मी काय करणार? निघालो, भरलेला, कढत.

पानाबाई संध्याकाळची प्रार्थना, प्रतिक्रमण, आटोपून उंबऱ्याबाहेर आल्या आणि त्यांचा पाय थेट माझ्यात.

"कस्तुरा! माह्या व्रतात कांदा कायले धाडला वं?"

"म्या धाडला? त्याचा तो चालत येते! तुले दिसत नाही काय, पाय पाहून टाकाव नं!"

"पाय भाजला माहा, अन् वरून मलेच बोलून राह्यली?"

दुसऱ्या दिवशी पानाबाईंनी मला चिंचेनं लखलखीत घासलं आणि ओट्यावर ठेवून दिलं. रिकामं. आत एक दाणासुद्धा नव्हता! कस्तुराबाई बराच वेळ माझ्या तळाकडे पाहत राहिल्या. मग डोळे पुसून म्हणाल्या, "बरं. असं हाये तर."

तेव्हापासून रोज दिवेलागणीला मला खांबाला बांधायला लागले. मी दोरी ताणत तडफडायचो. समोर पानाबाईंचं दार किलकिलं व्हायचं आणि पुन्हा लागायचं. दोघीही हट्टी. रस्ता ओलांडण्याचं मला काही पडलं नव्हतं हो. त्या दोघी पुन्हा बोलतील की नाही, हाच घोर मला लागला होता.

दसरा झाला आणि इंद्रभान पुन्हा गावात आला. कस्तुराबाईंनी मला त्याच्यापुढे आपटलं. "याचा शेवटचा ठिपका बुजव अन् नवा ठोक. घेतो मी आता नाव!"

गल्ली गोळा झाली. रामरावांनी धुतलेली टोपी घातली, मिशीला तेल लावलं. समोरच्या दारात पानाबाई सूप घेऊन उभ्या. सूप नुसतंच हलत होतं, त्यात धान्यच नव्हतं.

"घे वं नाव," त्या मोठ्यानं म्हणाल्या. "लाजतं कायले? जाऊ दे त्याले तुया घरी."

इंद्रभाननं हातोडी उचलली. "बोला बाई. कोनाच्या घरी?"

कस्तुराबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. मग रस्त्यापलीकडे, त्या रिकाम्या सुपाकडे पाहिलं.

"पानाबाईच्या घरासमोर," त्या म्हणाल्या. "ठोक."

ठक्क.

"म्हंजे मी याही खेपेला राह्यलोच!" रामरावांनी टोपी काढून गुडघ्यावर आपटली. पण त्यांचं ऐकतंय कोण? रस्त्याच्या मधोमध एक बाई रडत होती आणि दुसरी तिला रडण्यावरून रागावत होती.

आता मी म्हातारा झालोय. बुडाला पोचे आलेत, कल्हई उडालीय. पर्युषणात मला कोरडं ठेवतात, आत फक्त मूठभर मूगडाळ. पानाबाईंचे गुडघे दुखतात, म्हणून सकाळी कस्तुराबाईच मला न्यायला जातात आणि तिकडेच बसतात.

चला, दिवे लागले, मला निघायला हवं. वाटेत दिसलो तर बाप्पा, लाथ मारू नका. आणि झाकण उचलून पाहू नका. आत जे आहे ते पानाबाईंचं आहे.