पांढऱ्या झिपऱ्यांचा ढालकिडा

मित्रांनो, मी एक म्हातारा ढालकिडा आहे. दोन महिन्यांचा झालो. आमच्यात हे वय पुष्कळ. अंगाने मसुराच्या दाण्याएवढा, पाठ काळी, डोकं नारिंगी. ठिपके मात्र शोधू नका, ते माझ्या चुलत भावंडांना.

माझा जन्म ऐरोलीतल्या एका सोसायटीच्या जास्वंदीवर झाला. तिला पिठ्या ढेकूण लागले होते. कापसाच्या बोळ्यांसारखे दिसणारे हे किडे फांद्यांचा रस शोषतात. पानं चिकट झाली होती, कळ्या उमलण्याआधीच गळत होत्या. कमिटीने झाड उपटायचं ठरवलं. तळमजल्यावरच्या शालनताईंनी ते स्वतःच्या हाताने लावलेलं. त्यांनी महिनाभराची मुदत मागून घेतली, कृषी केंद्रातून पिठ्या ढेकूण खाणाऱ्या ढालकिड्यांची डबी आणली आणि फांद्यांवर उघडली. त्या डबीत माझी आई होती.

लहानपणी मी हुबेहूब पिठ्यासारखा दिसायचो. अंगभर मेणाच्या पांढऱ्या झिपऱ्या! दिवसभर पिठ्या ढेकूण खायचे, एवढंच काम. तिसऱ्या आठवड्यात सोसायटीचे माळी, साताऱ्याकडचे पोपटदादा, आले आणि आम्हाला पाहून हादरलेच. कीड मेली तर नाहीच, उलट पोसली, असं त्यांना वाटलं. ते औषधाचा पंप पाठीवर घेऊन आले. नळी माझ्या पानापाशी आली. मला पळायला जागा नव्हती. समोर एक पिठ्या होता. भुकेपोटी मी तोच धरला.

पोपटदादांचा हात थांबला. त्यांनी ताईंना बोलावलं.

"ताई, ह्यो पांढरा त्या पांढऱ्याला खातोय बघा."

ताई चष्मा लावून वाकल्या. त्यांनी पान उलटून पाहिलं.

"पोपटराव, ही डबीतल्या किड्यांची पिल्लं आहेत. आपण यांनाच मारायला निघालो होतो."

पोपटदादांनी पंप उतरवून ठेवला.

महिना संपला तेव्हा सेक्रेटरी रूपेश पाहणीला आले. झाडाला नवी पालवी होती, सात कळ्या होत्या. उपटायचा विषय पुन्हा निघाला नाही.

मित्रांनो, फवारण्याआधी पान उलटून थोडं थांबा. कोण झाडाला खातंय आणि कोण त्या खाणाऱ्याला खातंय, एवढं बघा. परवा पोपटदादा शेजारच्या सोसायटीतल्या पिठ्या लागलेल्या पेरूसाठी इथली एक फांदी घेऊन गेले. माझे दिवस आता थोडेच उरलेत. पण त्या फांदीवर माझी पिल्लं होती, आणि ती चांगलीच भुकेली होती.