बाईंची फेरी

चष्म्याच्या दुकानाचं शटर खाली ओढून त्याने कुलूप लावलं, ते एकदा हिसका देऊन पाहिलं, आणि भर सकाळी, ऐन गिऱ्हाइकांच्या वेळेला, तो जुन्या शहराच्या दिशेने चालू लागला. दुकान नव्या वस्तीत होतं आणि जुनं शहर नदीपलीकडे. नदीपलीकडचा मुलूख बायकोचा, अशी त्यांच्या घरात सरळ वाटणीच झालेली होती. पर्यटकांना पायी फिरवून तिथली वेस, बाजार, गल्ल्या दाखवायच्या, हे तिचं काम. पर्यटन कंपनीच्या पत्रकावर त्या फेरीचं काहीतरी भारदस्त नाव छापलेलं असे, पण गावात तिला सगळे 'बाईंची फेरी' म्हणत.

ही फेरी त्याने आजवर पाहिली नव्हती, कारण खुद्द बाईंचीच तशी ताकीद होती. "तुम्ही यायचं नाही," ती म्हणायची. "घरचं माणूस समोर असलं की माझी बोबडी वळते. आणि तुम्ही मध्येच म्हणणार, अगं, मागच्या वेळी तू वेगळं सांगितलं होतंस."

तो तसं म्हणाला असता, यात शंका नव्हती. त्यामुळे तो कधी गेला नाही. संध्याकाळी ती दमून आली की टबात गरम पाणी काढून द्यायचं, तिने त्यात पाय सोडून बसायचं, आणि कुठल्या पाहुण्याने काय अचाट प्रश्न विचारला ते सांगत दोघांनी हसायचं, एवढीच ती फेरी त्याच्या वाट्याला येई. त्यात तो खूश होता. कधीतरी बोलावीन म्हणाली होती, म्हणजे बोलावणारच होती. मग ती आजारी पडली, आणि या वर्षाच्या सुरुवातीला गेली.

काल मुलीचा फोन आला होता. "बाबा, आईची फेरी उद्या बंद होतेय. परवापासून लोकांच्या कानात यंत्र घालणार आहेत. रेकॉर्ड केलेला आवाज, तोही कुणा नटाचा. आईने तयार केलेली ती मुलगी उद्याचा दिवसच आहे. मी तिचं ऐकून आले मागे. शब्दन्‌शब्द आईचा आहे, बाबा. जाऊन या ना. मी येऊ सोबत?"

"उद्या मला मालवाल्याकडे जायचंय," तो म्हणाला होता. सोबत कुणी नको होतं, एवढंच. बायकोचे शब्द, तिने लावले त्याच क्रमाने ऐकायला मिळण्याची ही एकच संधी उरली होती, आणि त्या वेळी आपला चेहरा कुणी पाहत बसावा असं त्याला वाटत नव्हतं.

वेशीपाशी दहा-बारा माणसं जमली होती. नवी गाईड चांगली उंच, तरतरीत, विशीतली मुलगी होती. गळ्यात ओळखपत्र, हातात पाण्याची बाटली. आपण कोण ते त्याने सांगितलं नाही. घोळक्याच्या शेपटाला, मोठी टोपी घातलेल्या एका प्रौढ बाईंच्या शेजारी तो उभा राहिला. बाईंनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाल्या, "तुम्ही इथलेच दिसता. बाहेरची माणसं इतकी इस्त्री करून फिरत नाहीत." तो नुसता हसला.

आणि मग मुलगी बोलू लागली, आणि पहिल्या चार वाक्यांतच त्याला कळलं की आपली बायको या कामात किती मोठी होती. सन-सनावळ्या तिला पाठ असणारच, पण त्या तिने खिशात ठेवल्या होत्या. वेस कुणी बांधली याआधी ती सांगत होती की वेशीच्या आतल्या अंगाचा दगड कमरेच्या उंचीवर एवढा गुळगुळीत का: रात्री बंद झालेली वेस उघडायची वाट पाहत पिढ्यान्‌पिढ्या माणसं तिथे पाठ टेकून उभी राहिली म्हणून. "टेका," मुलगी म्हणाली, "टेकून पाहा," आणि सगळे टेकले, तोही टेकला, आणि दगडाने त्याच्या पाठीला अशी जागा करून दिली की जणू मापच घेऊन ठेवलं होतं.

विहिरीपाशी तिने काठावरच्या दोराच्या खाचांत बोटं घालायला लावली. "कुठली खाच कुणाची ते सांगता येत नाही, पण डावखुऱ्या बायका कुठे उभ्या राहायच्या, ते सांगता येतं. या कोपऱ्यात. या बाजूने." व्यापाऱ्याच्या उंच घरासमोर तिने सगळ्यांना खिडक्या पाहायला लावल्या, त्यांतली एक भिंतीवर रंगवलेली होती, खरी नव्हतीच, आणि ती कुठली हे कुणालाही ओळखता येईना, तेव्हा ती शांतपणे म्हणाली, "वाईट वाटून घेऊ नका, कबुतरं अजून तिथे चोच आपटतात." काय सुंदर बेतलं होतं बायकोने हे सगळं! लहानपणापासून त्या घरावरून तो कितीदा गेला असेल. माणसांच्या डोळ्यांचे नंबर काढण्यात त्याची हयात गेली, आणि ही खिडकी त्याला दिसली नव्हती.

चढ सुरू झाला तशी एक गोष्ट त्याच्या ध्यानात आली. मुलगी वाक्याच्या अधेमध्ये थांबत होती. ठरावीक जागी, भिंतीला हात टेकून, दोन श्वास घेण्याइतकी. तिला धाप लागलेली नव्हती. ती चढ धावत गेली असती. आधी त्याला वाटलं की ही ढब आहे, आणि मग एकाएकी उलगडलं. या मुलीने फेरी शिकली ती बायकोच्या शेवटच्या वर्षात. मागे मागे फिरून जसं ऐकलं तसं तिने घोटलं, आणि शब्दांबरोबर ते थांबणंही घोटलं. तो त्या थांबण्यांच्या मागे मागे चढ चढला. घरी बायको म्हणायची, काही नाही हो, जरा ऊन लागलं. इथे तिला दर दहा पावलांना भिंत धरावी लागत होती. तरीही थांबण्याच्या त्या प्रत्येक जागेला पाहण्यासारखं काहीतरी होतं, कोरलेली तुळई म्हणा, दारावरचा मासा म्हणा. आपण दम खातोय हे कुणाला कळू नये म्हणून तिने प्रत्येक वेळी काहीतरी दाखवून ठेवलं होतं. त्याला तिचा अभिमान वाटला.

धान्यबाजाराच्या कमानीखाली मुलगी म्हणाली, "आमचे हे चष्मे विकतात. सगळ्या गावाला लांबचं दाखवतात, पण स्वतः नदी ओलांडून कधी या फेरीला आले नाहीत."

लोक हसले. त्याच्या कानांच्या पाळ्या तापल्या, आणि तोही हसला. या गाईड मुलीचं लग्न झालेलं नव्हतं, हे आपल्या लेकीकडून त्याला ठाऊक होतं. पण जिने दम खाणंसुद्धा उचललं, ती नवऱ्यावरचा विनोद थोडाच वगळणार? उलट त्याला बरंच वाटलं. म्हणजे तिच्या बोलण्यातून इतकी वर्षं तो या कमानीखाली रोज येऊन जात होता.

घंटा ओतणाऱ्यांच्या गल्लीत भट्टीची जागा दाखवून झाल्यावर मुलीने पुन्हा त्याच सुरात म्हटलं, "आमच्या ह्यांनी माझ्या नेच्याला इतकं पाणी घातलं, इतकं घातलं, की तो बिचारा बुडून मेला. मग बाजारात हिंडून तसाच दुसरा आणून त्याच कुंडीत लावला. मला काय कळतंय, असं त्यांना वाटतं."

लोक पुन्हा हसले. त्याचं हसू मात्र अर्ध्यावर राहिलं.

कुंडीतला तिचा नेचा मेला होता तो ती गेल्यानंतर, उन्हाळ्यात. लेकीला कळलं तर तिला वाईट वाटेल म्हणून त्याने गुपचूप दुसरा आणला होता, आणि ही गोष्ट त्याने कुणालाही, अगदी कुणालाही सांगितली नव्हती. त्याने आजूबाजूला पाहिलं. ऊन होतं, एक माणूस सायकल हातात धरून गल्लीतून चालला होता, वरच्या गॅलरीत कुणी चादर झटकत होतं. मुलगी पुढे निघालीही होती. ज्याच्याकडून रोप घेतलं तो रोपवाटिकेतला माणूस तिच्या ओळखीचा असेल, त्याने मनाशी म्हटलं. गाव लहान आहे.

तराजूघराच्या पायऱ्यांवर तो मुद्दाम पुढे जाऊन उभा राहिला, मुलीच्या अगदी समोर. ती त्याच्याकडे पाहत नव्हती. तिची नजर सगळ्यांवरून सारखीच फिरत होती. पूर्वी इथे माल जोखला जाई, जोखणाऱ्याला डोळे बांधून बसवत, वगैरे तिने रंगवून सांगितलं, आणि मग सूरही न बदलता म्हणाली, "आज सकाळी आमच्या ह्यांनी आधी पांढरा शर्ट घातला. मग त्यांना आठवलं, पांढऱ्यात तुम्ही कंपाउंडर दिसता असं मी म्हणते. मग निळा घातला. मुलीला सांगितलंय, मालवाल्याकडे जातोय."

हशा झाला. निळ्या शर्टाच्या आत त्याची पाठ गार पडली.

"अहो," त्याने शेजारच्या टोपीवाल्या बाईंना हळूच विचारलं, "आत्ता सगळे कशाला हसले?"

"ते जोखणाऱ्याच्या सासूचं हो. जावयाचे डोळे बांधलेले असूनही तिने त्याची चोरी पकडली ते," बाई म्हणाल्या. "तुमचं लक्ष कुठंय? मघाच्या घंटेच्या गोष्टीलाही तुम्ही असेच हरवला होतात. उन्हाचा त्रास होतोय का? पाणी हवं?"

"नको," तो म्हणाला.

तिथूनच परत फिरावं, असं त्याच्या मनात येऊन गेलं. नदी ओलांडली की दुकान होतं, शटर वर करायचं की झालं. पण परत फिरलो तर उरलेली फेरी कायमची राहणार होती, आणि खरं सांगायचं तर भीतीपेक्षा हावच जास्त होती. पुढच्या प्रत्येक थांब्यावर तो कान टवकारून उभा राहिला. मुलीने पुढचं सगळं सुरेख सांगितलं. पण 'आमचे हे' पुन्हा आले नाहीत, आणि चौकात पोचेपर्यंत त्याचा जीव नुसता कासावीस झाला होता.

चौकात, कारंज्याजवळ, फेरी संपली. मुलीने सगळ्यांचे आभार मानले, ही फेरी जिने रचली तिचं नाव न घेता "आमच्या बाई" एवढंच म्हटलं आणि मान खाली घातली. टाळ्या बराच वेळ वाजत राहिल्या. माणसं पांगली, टोपीवाल्या बाईंनी त्याला सावलीतून जायला बजावलं, आणि चौकात ती दोघंच उरली.

"मी बाईंचा नवरा," तो म्हणाला.

मुलगी बघतच राहिली. मग तिचे डोळे भरून आले. "सर, आधी सांगायचं ना. मी कसंबसं केलं आज."

"फार छान केलंस. तिला आवडलं असतं." मग त्याने विचारलं, "तू ते चष्मेवाल्याचं सांगितलंस. कमानीखाली. ते तिचंच ना?"

"कुठलं, सर?"

"नवऱ्याचं. आमचे हे, असं म्हणून."

मुलगी गोंधळली. "नाही, सर. बाईंनी फेरीत तुमचा विषय कधीच काढला नाही. मी एकदा म्हटलंसुद्धा, घरचं एखादं गमतीचं घाला ना मध्ये. तर म्हणाल्या, ते आले की त्यांनाच सांगेन. तोवर जमवून ठेवते."

त्याने चौकभर नजर फिरवली. चौकाच्या कोपऱ्यात दोन घरांच्या मधून एक अरुंद बोळ आत गेला होता, दोन माणसं शेजारी चालू शकणार नाहीत इतका. या सगळ्या सुरेख रचनेत एवढी एकच जागा दाखवायची राहून गेली होती.

"तिकडे काय आहे?" त्याने विचारलं.

"तिकडे काही नाही, सर. दोन पावलांवर भिंत आहे. पूर्वीच बुजवलाय तो."

एवढं बोलून मुलीने बाटलीचं झाकण उघडलं, मान मागे टाकली आणि ती घटाघटा पाणी प्यायला लागली. घोटागणिक तिचा गळा खालीवर होत होता. आणि बोळाच्या आतून, मुलीने वाक्य सोडलं होतं तिथूनच ते उचलून, फेरी पुढे चालू झाली. या घरांच्या भिंती इतक्या जवळ का, ते सांगणं चाललं होतं. हात लांब करा, दोन्हीकडे लागतात की नाही पाहा, असं काहीतरी. तो बोळाच्या तोंडाशी गेला. आत सावली होती. त्याने हात लांब केले. दोन्हीकडे लागले. सांगणारा तो ओळखीचा आवाज थोडा थांबला, कुणी मागे राहिलं तर नाही ना हे पाहायला थांबावं तसा, आणि मग एकट्याला सांगावं तसा हलका झाला.

"अहो, पायरी आहे. पाय उचला."

त्याने पाय उचलला.